तीन क्लस्टर, एक कंट्रोल प्लेन

आमच्याकडे कुबरनेटिसचे, म्हणजे अनेक यंत्रांवर मिळून सॉफ्टवेअर चालवणाऱ्या प्रणालीचे, तीन क्लस्टर (यंत्रांचे समूह) आहेत. दोन क्लाउडच्या वेगवेगळ्या रीजनमध्ये, तिसरा आमच्याच डेटा सेंटरमध्ये फायरवॉलच्या आत. तिन्हींवर जवळपास तीच अ‍ॅप्लिकेशन्स चालतात. पूर्वी ती पोचवण्याचं काम सीआय पाइपलाइन (कोड आपोआप तपासून पाठवणारी साखळी) करायची: एकच मॅनिफेस्ट (काय चालवायचं हे सांगणारी फाइल), क्लस्टर बदलून तीनदा अप्लाय. क्लस्टर दोन होते तोवर हे निभत होतं. तिसरा आल्यावर फाटे फुटायला लागले. मधली पायरी फसली की एकीकडे नवी आवृत्ती, दुसरीकडे जुनी. कुणीतरी घाईत एका ठिकाणचा कॉन्फिगमॅप (सेटिंग्जचा ऑब्जेक्ट) हाताने बदललेला असायचा आणि तो बदल गिटमध्ये (कोडच्या अधिकृत साठ्यात) कधीच यायचा नाही. पण खरी अडचण याहून मोठी होती. एक क्लस्टर पडला तर त्याच्या वाट्याचे पॉड (कुबरनेटिसवर चालणारे सॉफ्टवेअरचे घटक) बाकीच्या दोघांवर किती वाढवायचे, हे पाइपलाइनला कळत नव्हतं. ते माणसाने ठरवायचं, तेही नेमकं गडबडीच्या वेळी.

फेडरेशनचा, म्हणजे अनेक क्लस्टर एका जागेवरून चालवण्याचा, विषय काढला की पहिला प्रश्न हमखास येतो: तिन्ही ठिकाणचे नोड (यंत्रं) एकाच क्लस्टरमध्ये का घेत नाही? आकाराची अडचण नाही. एका क्लस्टरमध्ये ५,००० नोड आणि १,५०,००० पॉडपर्यंत जाता येतं असं कुबरनेटिस स्वतः सांगतं, आणि आम्ही त्याच्या जवळपासही नाही. अडचण आहे ईटीसीडीची, म्हणजे क्लस्टरची सगळी स्थिती साठवणाऱ्या डेटाबेसची. त्यातली प्रत्येक नोंद राफ्टच्या नियमाप्रमाणे बहुसंख्य सदस्यांनी मान्य केल्याशिवाय पक्की होत नाही. सदस्य दूरदूरच्या रीजनमध्ये बसवले तर प्रत्येक नोंदीला तेवढा प्रवास आला. त्याच्या नेता सदस्याचा हार्टबीट (मी जिवंत आहे हा इशारा) मुळात १०० मिलिसेकंदांचा आणि तो न आल्यास नव्या नेत्याच्या निवडणुकीची मुदत १,००० मिलिसेकंदांची. नेटवर्क जरा अडखळलं की नेता बदलण्याची धावपळ सुरू. ती मूल्यं वाढवता येतात, पण मग खरा बिघाड कळायला उशीर लागतो. शिवाय एकच कंट्रोल प्लेन (क्लस्टर चालवणारा मेंदू) म्हणजे एका फसलेल्या अपग्रेडने तिन्ही ठिकाणं एकदम आडवी. वेगळे क्लस्टर ठेवण्याचा अर्थच हा की एकाची आग दुसऱ्याकडे जाऊ नये.

साधन निवडण्याआधी मी या क्षेत्राचा इतिहास वाचला आणि तो वेळ सार्थकी लागला. कुबरनेटिसमध्ये फेडरेशनचा पहिला प्रयत्न २०१६ साली, १.३ आवृत्तीत आला. त्यात कोणत्या क्लस्टरला किती रेप्लिका (पॉडच्या प्रती) हे ऑब्जेक्टला जोडलेल्या टिपेत, म्हणजे अ‍ॅनोटेशनमध्ये लिहायचं. ते मूळ एपीआयच्या चौकटीत नीट बसलंच नाही आणि मागे पडलं. मग क्यूबफेड आलं. त्यात डिप्लॉयमेंट (कोणत्या पॉडच्या किती प्रती चालवायच्या हे सांगणारा ऑब्जेक्ट) नेहमीच्या स्वरूपात न लिहिता ‘फेडरेटेड डिप्लॉयमेंट’ नावाच्या वेगळ्या प्रकारात लिहायचं: आत टेम्प्लेट, प्लेसमेंट आणि ओव्हरराइड असे तीन भाग. कल्पना स्वच्छ होती, पण हाताशी असलेलं प्रत्येक मॅनिफेस्ट आणि प्रत्येक हेल्म चार्ट (मॅनिफेस्टचं तयार पॅकेज) त्यासाठी गुंडाळून घ्यावा लागे. २०२३ मध्ये तो प्रकल्प अधिकृतपणे बंद झाला. कर्माडा या फेडरेशनच्या पुढच्या साधनाने यातूनच धडा घेतला असावा असं मला वाटतं. तिथे डिप्लॉयमेंट हे डिप्लॉयमेंटच राहतं. ते कुठे जायचं हे शेजारी ठेवलेली वेगळी पॉलिसी सांगते. २०२१ मध्ये खुला झालेला हा प्रकल्प त्याच वर्षी सीएनसीएफमध्ये (कुबरनेटिसही जिच्याकडे आहे त्या संस्थेत) दाखल झाला आणि २०२३ च्या अखेरीस इनक्युबेटिंग पातळीवर पोचला. ओपन क्लस्टर मॅनेजमेंट हे दुसरं साधनही आम्ही बारकाईने पाहिलं, आणि क्लस्टरांची देखभाल हाच मुख्य हेतू असेल तर मी ते सुचवेन. आमची गरज रेप्लिकांच्या वाटपाची होती, म्हणून कर्माडा.

टीममध्ये एक मत असं होतं की आर्गो सीडी (गिटमधलं क्लस्टरवर आणणारं साधन) आहे, त्यात अ‍ॅप्लिकेशनसेट आहे, मग आणखी एक थर कशाला? प्रश्न रास्त होता. पण अ‍ॅप्लिकेशनसेट प्रत्येक क्लस्टरसाठी एक प्रत काढतो. बारा रेप्लिकांपैकी कुणाला किती, आणि एक क्लस्टर गेल्यावर काय, हा हिशेब तो करत नाही. शेवटी दोन्ही ठेवलं. आर्गो सीडी गिटमधून कर्माडाच्या एपीआय सर्व्हरवर (सगळ्या मागण्या जिथे येतात तिथे) लिहितं, आणि पुढचं वाटप कर्माडा करतं. ही मांडणी आजही आहे आणि मला ती फार पटलेली आहे.

काहीही बसवण्याआधी तिन्ही क्लस्टरांची मोजदाद केली. दोन गोष्टी वर आल्या. एक, कुबरनेटिसच्या आवृत्त्या वेगळ्या होत्या. १.२५ मध्ये क्रॉनजॉबचा (ठरल्या वेळी चालणाऱ्या कामाचा) आणि पॉड डिसरप्शन बजेटचा व्ही१बीटा१ हा जुना एपीआय काढून टाकला गेला, १.२६ मध्ये ऑटोस्केलिंगचा व्ही२बीटा२. म्हणजे जुन्या क्लस्टरवर आनंदाने चालणारं मॅनिफेस्ट नव्यावर सरळ नाकारलं जातं. एकच टेम्प्लेट तिन्हीकडे जायचं तर ते तिघांनाही समजलं पाहिजे, म्हणून आधी आवृत्त्या जवळ आणल्या. दोन, दोन क्लस्टरांची पॉड सीआयडीआर (पॉडना मिळणाऱ्या पत्त्यांची रेंज) एकच निघाली: १०.२४४.०.०/१६. पॉडचं नेटवर्क बांधणाऱ्या फ्लॅनलच्या नमुना मॅनिफेस्टमध्ये हीच रेंज असते, त्यामुळे ही टक्कर जगात अनेक ठिकाणी होत असणार. क्लस्टर एकमेकांशी बोलत नाहीत तोवर तिने काही बिघडत नाही. बोलायला लागले की एकच पत्ता दोन घरांचा होतो. क्लस्टरांची नेटवर्कं जोडणाऱ्या सबमरीनरमध्ये ग्लोबलनेट नावाची सोय आहे, ती अशा क्लस्टरांना वरून वेगळे पत्ते देते. पण पत्त्यांचं भाषांतर कायमचं गळ्यात घेण्यापेक्षा लहान क्लस्टर नव्या रेंजवर पुन्हा उभारणं आम्हाला बरं वाटलं. नवा क्लस्टर कुणी बांधत असेल तर मी पहिला प्रश्न हाच विचारते: तुमची रेंज कोणाशी भिडत नाही ना?

कर्माडाची मांडणी पाहताना सुरुवातीला चक्रावायला होतं. त्याचा स्वतःचा एपीआय सर्व्हर आहे, स्वतःचा ईटीसीडी आहे, शेड्युलर आणि कंट्रोलर मॅनेजर आहेत, पण नोड नाहीत. क्यूबसीटीएल या कमांडने तिथे डिप्लॉयमेंट बनवलं की ते दिसतं, आणि पॉड विचारले तर यादी रिकामी. तिथलं डिप्लॉयमेंट हा केवळ नमुना असतो. पॉलिसी जुळली की त्यावरून रिसोर्सबाइंडिंग तयार होतं, शेड्युलर त्यात क्लस्टरांची नावं आणि रेप्लिकांचे आकडे भरतो, मग प्रत्येक क्लस्टरसाठी वर्क नावाचा ऑब्जेक्ट बनतो आणि तो त्या क्लस्टरवर लागू होतो. उलट दिशेने स्टेटस गोळा होऊन मूळ डिप्लॉयमेंटवर दिसतं. काही अडलं की आम्ही याच साखळीने खाली उतरतो: बाइंडिंग झालं का, त्यात क्लस्टर आले का, वर्क बनलं का, ते लागू झालं का. चारपैकी कुठे थांबलंय हे कळलं की निम्मं काम झालेलं असतं.

सदस्य क्लस्टर जोडण्याच्या दोन पद्धती आहेत. पुशमध्ये कंट्रोल प्लेन स्वतः सदस्याच्या एपीआय सर्व्हरशी बोलतं. पुलमध्ये सदस्यावर कर्माडा एजंट चालतो आणि तो आपल्या वाट्याचं वर्क ओढून आणतो. डेटा सेंटरमध्ये बाहेरून आत येणारं कनेक्शन चालत नाही, तिथे पुल हाच मार्ग. क्लाउडवरचे दोन आधी पुशने जोडले होते. नंतर सुरक्षेच्या चर्चेत हे ठळक झालं की पुशमध्ये प्रत्येक सदस्याची क्रेडेन्शियल्स कंट्रोल प्लेनमध्ये साठतात. ज्याच्या हाती ते लागलं त्याच्या हाती सगळंच. म्हणून तेही पुलवर नेले. जास्तीचा एक एजंट सांभाळावा लागतो, पण सगळ्या किल्ल्या एका जागी राहत नाहीत.

पहिलं अ‍ॅप्लिकेशन मुद्दाम साधं घेतलं: स्टेट नसलेली एक एपीआय सेवा. प्रोपगेशनपॉलिसीत रेप्लिकांचा प्रकार ‘डुप्लिकेटेड’ ठेवला तर सहा रेप्लिकांचं डिप्लॉयमेंट प्रत्येक क्लस्टरवर सहा, म्हणजे एकूण अठरा होतं. ‘डिव्हायडेड’ ठेवलं तर दिलेला आकडा वाटला जातो. आम्ही तीन, दोन, एक असे वजनांचे आकडे दिले. बारा रेप्लिका सहा, चार आणि दोन अशा गेल्या. लागणारे कॉन्फिगमॅप आणि सीक्रेट (पासवर्डसारख्या गुप्त नोंदी) सोबत जावेत यासाठी अवलंबित्वं पाठवण्याचा पर्याय पॉलिसीत असतो, तो मुळात बंद असतो आणि आठवणीने सुरू करावा लागतो. सीक्रेट मात्र आम्ही या वाटेने पाठवत नाही. प्रत्येक क्लस्टर ती आपल्या तिजोरीतून स्वतः घेतो.

नव्या अ‍ॅप्लिकेशनला हे सोपं. आधीपासून चालू असलेली, ज्यावर लोक या क्षणी काम करत आहेत अशी अ‍ॅप्लिकेशन्स कंट्रोल प्लेनच्या ताब्यात देणं हा या सगळ्यातला सर्वांत नाजूक भाग होता. सदस्यावर त्याच नावाचं डिप्लॉयमेंट आधीच असेल तर कर्माडा मुळात हात लावत नाही, संघर्ष आहे म्हणून थांबतं. हे योग्यच आहे. ताबा घ्यायचा असेल तर पॉलिसीत ‘ओव्हरराइट’ असं स्पष्ट लिहावं लागतं. आम्ही प्रत्येक अ‍ॅप्लिकेशनसाठी आधी तिन्ही क्लस्टरांवरचा खरा यॅमल (मॅनिफेस्टचा मजकूर) काढून गिटमधल्या टेम्प्लेटशी ताडून पाहिला. पॉडच्या टेम्प्लेटमध्ये एका अक्षराचा फरक असला तरी रोलआउट (जुने पॉड जाऊन नवे येणं) सुरू होतं, म्हणून फरक शून्यावर येईपर्यंत ताबा घ्यायचाच नाही असं ठरलेलं होतं. हाताने केलेले जुने बदल इथे एकेक करून सापडले. काही चुकीचे होते. काही मात्र इतके महत्त्वाचे होते की ते पुसले गेले असते तर सेवा थांबली असती. एका ठिकाणी कनेक्शन पूलची (डेटाबेसशी एका वेळच्या जोडण्यांची) मर्यादा फक्त एका क्लस्टरवर कमी केलेली होती, आणि तिथला डेटाबेस खरोखरच लहान होता.

त्याच सुमाराला आणखी एक सेटिंग आमच्यासाठी अत्यावश्यक ठरलं: वरचा नमुना पुसला गेला तरी सदस्यांवरची रिसोर्सेस जपून ठेवा, असं पॉलिसीत सांगता येतं. ते नसेल तर कंट्रोल प्लेनवरची एक डिलीट कमांड तिन्ही क्लस्टरांवर पोचते. स्थलांतर सुरू असताना ते सुरू ठेवलं, म्हणून परतीची वाट कायम मोकळी होती.

क्लस्टरागणिक फरक ओव्हरराइडपॉलिसीत जातात. प्रत्येक रीजनची इमेज रजिस्ट्री वेगळी, स्टोरेजक्लासचं नाव वेगळं. त्यासाठी ही सोय अगदी नेमकी आहे. पण एकदा हत्यार हाती आलं की त्यात काहीही घालावंसं वाटतं. लवकरच फीचर फ्लॅग (एखादी सोय चालू-बंद करणारी कळ), टाइमआउट, लॉगची पातळी असं सगळं ओव्हरराइडमध्ये शिरू लागलं, आणि कोणत्या क्लस्टरवर नेमकं काय चालू आहे हे सांगण्यासाठी तीन फाइली शेजारी ठेवून वाचाव्या लागू लागल्या. तेव्हा टीमने नियम केला: क्लस्टर ज्या जमिनीवर उभा आहे तिच्यातला फरक ओव्हरराइडमध्ये, अ‍ॅप्लिकेशनच्या वागण्यातला फरक नाही. कनेक्शन पूलची मर्यादा पहिल्या गटात बसते. फीचर फ्लॅग बसत नाही.

आता रेप्लिकांच्या मालकीचा प्रश्न, ज्यावर आमची सर्वांत लांब चर्चा झाली. सदस्य क्लस्टरवर एचपीए (लोडप्रमाणे पॉड कमी-जास्त करणारा घटक) चालू आहे. लोड वाढला, त्याने चारचे सात पॉड केले. इकडे कंट्रोल प्लेनच्या हिशेबात अजून चारच आहेत, त्यामुळे ते पुन्हा चार करू पाहतं. दोघेही आपापलं काम इमानाने करत असतात. यासाठी कर्माडात त्या डिप्लॉयमेंटवर एक लेबल लावून सांगता येतं की रेप्लिकांचा आकडा सदस्याचा सदस्याकडे राहू द्या. दुसरा मार्ग फेडरेटेडएचपीएचा: मेट्रिक्स सगळ्या क्लस्टरांमधून वर गोळा होतात, एकूण आकडा वर ठरतो आणि खाली वाटला जातो. दिसायला हे अधिक सुबक आहे. आमच्यातले काही जण त्याच बाजूचे होते, आणि क्षमता कमी असेल तिथे त्यांचं म्हणणं बरोबरही आहे. पण मी एकच गोष्ट विचारत राहिले: कंट्रोल प्लेनशी संपर्क तुटलेला असताना लोड वाढला तर पॉड कोण वाढवणार? स्थानिक एचपीएला कुणालाच विचारावं लागत नाही. शेवटी थेट वापरकर्त्यांसमोर असलेल्या सेवांना स्थानिक एचपीए ठेवला, त्याची किमान आणि कमाल मर्यादा वरून ओव्हरराइडने दिली. मागे चालणाऱ्या, थोडा उशीर खपवून घेणाऱ्या कामांना फेडरेटेडएचपीए दिला. या चर्चेनंतर आम्ही प्रत्येक फील्डबद्दल हाच प्रश्न विचारायला लागलो: याचा मालक कोण, आणि मालक गैरहजर असताना काय होतं?

रोलआउटचाही असाच विचार करावा लागला. टेम्प्लेटमधली इमेज बदलली की तो बदल तिन्ही क्लस्टरांवर एकदमच निघतो. प्रत्येक क्लस्टर आपल्यापुरतं रोलिंग अपडेट सावकाश करतो खरा, पण तिघे एकाच वेळी करतात. म्हणजे वेगळे क्लस्टर असण्याचा सर्वांत मोठा फायदा, खराब आवृत्ती एकाच ठिकाणी अडवण्याचा, आपण हाताने घालवतो. पॉलिसीत ठरावीक क्लस्टरांकडे पाठवणं तात्पुरतं थांबवण्याची सोय आहे. आम्ही मोठे दोन थांबवतो, इमेज बदलतो, लहान क्लस्टरवर चुकांचं प्रमाण आणि लेटन्सी पाहतो, मग एकेक मोकळा करतो. थांबवलेल्या काळात त्या क्लस्टरांकडे त्या अ‍ॅप्लिकेशनचा दुसरा कोणताही बदलही जात नाही, अगदी तातडीचा सुद्धा. म्हणून थांबवलेली पॉलिसी विसरली गेली तर इशारा देणारा अलर्ट आम्ही रोलआउटच्या आधी बसवला.

नेटवर्कसाठी सबमरीनर घेतलं. एका क्लस्टरवरची सर्व्हिस सर्व्हिसएक्सपोर्टने बाहेर काढायची, मग ती क्लस्टरसेट डॉट लोकल या शेपटीच्या नावाने सगळीकडे सापडते. स्थानिक प्रत निरोगी असेल तर आधी तीच मिळते. गेटवे नोडांमध्ये आयपीसेकचा, म्हणजे एन्क्रिप्ट केलेला, बोगदा असतो. पहिल्या चाचणीत आरोग्य तपासणी हिरवी, लहान विनंत्या झटपट, आणि मोठा रिस्पॉन्स आला की कनेक्शन तिथेच लटकलेलं. अशी लक्षणं दिसली की एमटीयूकडे (एका पॅकेटच्या कमाल आकाराकडे) पाहावं. इथरनेटची १,५०० बाइटची मर्यादा, त्यात बोगद्याच्या हेडरांचा भार. मोठं पॅकेट मावत नाही, ते लहान कर असं सांगणारा आयसीएमपी संदेश वाटेतली फायरवॉल टाकून देते, आणि पाठवणारा तेच पॅकेट पुन्हा पुन्हा पाठवत राहतो. गेटवेवर टीसीपीचा एमएसएस (एका तुकड्यातल्या डेटाची मर्यादा) कमी करून प्रश्न सुटला. तरीही नेहमीच्या वाटेवर एका क्लस्टरने दुसऱ्याला हाक मारावी असं मला वाटत नाही. ती वाट अडचणीच्या वेळेसाठी.

मग सराव. डेटा सेंटरचा एजंट आणि बाहेरचा संपर्क आम्ही ठरवून तोडला. काही काळाने क्लस्टर ‘रेडी’ नाही असं दिसू लागलं, त्यावर टेंट (इथे काम ठेवू नका ही खूण) लागला, आणि टॉलरेशनची (ती खूण सहन करण्याची) ३०० सेकंदांची मुदत संपल्यावर त्याच्या वाट्याच्या रेप्लिका बाकीच्या दोघांवर वाढल्या. सगळं अपेक्षेप्रमाणे. पण तोडलेल्या क्लस्टरवरचे पॉड जिवंतच होते आणि आपलं काम करत होते. क्लस्टर मेला की फक्त वाट बंद झाली, हे कंट्रोल प्लेनला दुरून ओळखताच येत नाही. एपीआय सेवेला याने काही फरक पडत नाही. क्यूमधून संदेश उचलणाऱ्या आणि क्रॉनजॉबने चालणाऱ्या कामांना पडतो, कारण तेच काम दोन ठिकाणी होऊ शकतं. अशा प्रत्येक कामासाठी आम्ही डेटाबेसमध्ये एक लीज (एका वेळी एकालाच मिळणारा हक्क) ठेवली आणि तेच काम दोनदा झालं तरी परिणाम एकच राहील असं कोड लिहिलं. जिथे हे जमलं नाही तिथे आपोआप फेलओव्हर बंद ठेवला आहे, माणूस ठरवतो. डेटाबेस तर फेडरेशनच्या बाहेरच आहेत, त्यांचं रेप्लिकेशन त्यांच्यापाशी.

त्याच सरावात काही पॉड पेंडिंग राहिले, एकूण मोकळा सीपीयू पुरेसा दिसत असूनही. तीन नोडांवर एकेक सीपीयू मोकळा असला तरी दोन सीपीयू मागणारा पॉड कुठेच मावत नाही. बेरजेत हे दिसत नाही. कर्माडाचा शेड्युलर एस्टिमेटर प्रत्येक नोड पाहून खरी जागा सांगतो. तो बसवल्यावर वाटप वास्तवाला धरून होऊ लागलं. पण एक क्लस्टर गेल्यावर उरलेल्यांत जागा हवीच, आणि ती रिकामी ठेवण्याचा खर्च आधीच मान्य करावा लागतो.

उलटा सरावही केला: कंट्रोल प्लेनच बंद. अ‍ॅप्लिकेशन्सना पत्ताही लागला नाही. पडलेले पॉड स्थानिक क्लस्टरने उभे केले, एचपीए चालू राहिला. फक्त नवं काही पाठवता आलं नाही. त्यानंतर कंट्रोल प्लेन परत कसं आणायचं यावर विचार करताना ईटीसीडीचा जुना स्नॅपशॉट हा धोका वाटू लागला. तो परत लावला तर त्यातली जुनी वर्क्स जुन्या इमेजसकट सदस्यांवर लागू होऊ शकतात. त्यामुळे आमचा पहिला मार्ग असा ठरला: रिकामं कंट्रोल प्लेन उभं करायचं, क्लस्टर जोडायचे आणि सगळं गिटमधून लिहायचं. टेम्प्लेट चालू स्थितीशी तंतोतंत जुळत असल्यामुळे चाचणीत पॉड पुन्हा सुरू झाले नाहीत.

रोजच्या कामात सर्वांत जास्त सुख क्लस्टर अपग्रेडने दिलं आहे. आता एका क्लस्टरवर टेंट लावतो. कर्माडा दुसरीकडे नवे पॉड तयार होईपर्यंत किंवा मुदत, जी मुळात १० मिनिटांची असते, संपेपर्यंत इथले काढत नाही. क्लस्टर रिकामा झाला की दिवसाढवळ्या, शांतपणे आवृत्ती वाढवतो. टेंट काढल्यावर रेप्लिका आपोआप परत येतील असं धरून चालत नाही. वर्कलोडरीबॅलन्सर नावाचा ऑब्जेक्ट लिहून वाटप पुन्हा मागतो, आणि तो ऑब्जेक्ट आता अपग्रेडच्या पायऱ्यांमध्ये शेवटची पायरी म्हणून गिटमध्येच आहे.